पास म्हणजे जागा नव्हे

(मंडळाच्या गणेशोत्सवात सभासदांपुढे केलेले भाषण. स्मरणिकेसाठी थोडे नीटनेटके करून दिले आहे.)

मी काही वक्ता नाही. सांगलीला डिप्लोमा करून रेल्वेत लागलेला, रूळ, स्लीपर आणि खडी यांच्यात वीस वर्षे काढलेला माणूस आहे. कार्यकारिणीने मला ‘तंजावरची रेल्वे’ या विषयावर बोला म्हणून सांगितले होते. मी हो म्हटले, पण विषय थोडा बदलून मागितला. त्याचे कारण सांगतो.

आपल्या मंडळात विटा, खानापूर, आटपाडीकडून आलेली गलाई व्यवसायातली घरे आहेत. हवाई दलाच्या तळावरची मंडळी आहेत, बँकेतली आहेत, रेल्वेतली आहेत. यांतल्या बऱ्याच घरांतली मुले आता जर्मनीत, हॉलंडात, आयर्लंडात शिकायला किंवा नोकरीला आहेत. मुलगा तिकडे गेला की वर्षा-दोन वर्षांत आईवडिलांना बोलावतो. मग आईवडील माझ्याकडे येतात आणि विचारतात, “साहेब, तुम्ही रेल्वेतले. तो युरोपचा पास घ्यावा का? एकदा पैसे भरले की कुठल्याही गाडीत बसता येते म्हणे.”

हे “कुठल्याही गाडीत” ऐकले की माझ्या पोटात गोळा येतो. कारण २०२३ च्या मे महिन्यात मीही याच समजुतीने घर सोडले होते. त्याची किंमत मी दिली, आणि माझ्यापेक्षा जास्त माझ्या आईने दिली. ती आज पहिल्याच रांगेत बसली आहे आणि “हे कशाला सांगतोस?” अशा नजरेने माझ्याकडे बघते आहे. तरीही सांगणार आहे, कारण ऐकून दुसऱ्या कुणाचे पैसे वाचले तर वाचोत.

आधी आपल्या घरचे पास

पास ही गोष्ट आपल्याला नवी नाही. रेल्वेतल्या सहकाऱ्यांना तर सांगायलाच नको. आम्हा क वर्गातल्या कर्मचाऱ्यांना पाच वर्षे नोकरी झाल्यावर वर्षाला तीन सेट पास मिळतात आणि चार सेट पीटीओ. पीटीओवर एक-तृतीयांश भाडे भरायचे. शेजाऱ्यांना वाटते, यांचे काय, यांना सगळी रेल्वे फुकट! पण पोंगलच्या आधी चेन्नईहून तंजावरला येणाऱ्या उळवन एक्सप्रेसचे रिझर्व्हेशन काढायला बसा. पास हातात असतो आणि वेटिंग लिस्टमध्ये माझे नाव तुमच्या नावाच्या खाली असते. पासाने भाडे माफ होते. बर्थ तयार होत नाही. शिवाय कोणत्या पासावर कोणता वर्ग, कोणत्या गाडीत चालतो आणि कोणत्या गाडीत नाही, याचे नियम वेगळेच. राजधानी-शताब्दीचे आणखी वेगळे.

मुंबईत राहिलेल्यांना सीझन पास ठाऊक आहे. साध्या लोकलचा पास खिशात ठेवून एसी लोकलमध्ये चढता येत नाही. पुण्याहून डेक्कन क्वीनने रोज मुंबईला जाणाऱ्या पासधारकांचा डबा ठरलेला असतो. आरक्षित डब्यात जाऊन बसले की टीसी येतो आणि पास दाखवूनही दंड होतो.

आपल्याकडे परदेशी पाहुण्यांसाठी आणि अनिवासी भारतीयांसाठी इंडरेल पास नावाचा एक पास होता. परकीय चलनात पैसे भरायचे आणि अर्ध्या दिवसापासून नव्वद दिवसांपर्यंत हवा तो पास घ्यायचा. आता तो बंद झाला. पण त्याची एक गोष्ट चांगली होती. रिझर्व्हेशनचे शुल्क, सुपरफास्टचा अधिभार, हे सगळे पासाच्या किमतीतच धरलेले असायचे. वरून पैसे मागत नसत. तरीसुद्धा प्रत्येक गाडीची जागा आधी नक्की करावी लागायचीच.

तीर्थयात्रेला जाणाऱ्यांसाठी चक्राकार प्रवासाचे तिकीट आहे. जिथून निघालो तिथेच परत यायचे आणि वाटेत जास्तीत जास्त आठ ठिकाणी उतरायचे. लांबच्या अंतराचा दर लागतो म्हणून स्वस्त पडते. पण तिथेही प्रत्येक टप्प्याचे रिझर्व्हेशन वेगळे करावे लागते.

म्हणजे बघा, आपल्याला हे सगळे माहीत आहे. भाडे वेगळे, जागा वेगळी, गाडीचा दर्जा वेगळा. आणि तरीही परदेशी पास म्हटले की आपण हे सगळे विसरतो. मी तर रोज हेच नियम जगणारा माणूस, आणि मीही विसरलो.

युरोपचा पास म्हणजे नेमके काय

युरेल पास १९५९ साली सुरू झाला, तो युरोपबाहेरच्या प्रवाशांसाठी. युरोपात राहणाऱ्यांसाठी १९७२ साली इंटररेल आला. आज दोन्ही मिळून ३३ देशांत चालतात. तुम्ही भारतात राहत असाल तर तुमचा युरेल. तुमचा मुलगा जर्मनीत राहत असेल तर त्याचा इंटररेल, आणि त्याला स्वतःच्या राहत्या देशात त्या पासावर एकदा बाहेर पडण्याचा आणि एकदा परत येण्याचाच प्रवास मिळतो. एकाच घरातली माणसे एकाच डब्यात असली तरी पास दोन प्रकारचे असू शकतात. हे आधी लक्षात घ्या.

पासाचे प्रकार दोन. एक सलग दिवसांचा: पंधरा दिवस, बावीस दिवस, एक महिना, असे. दुसरा सुट्या दिवसांचा: एका महिन्यात कोणतेही चार, पाच किंवा सात दिवस, नाहीतर दोन महिन्यांत दहा किंवा पंधरा दिवस. साठ वर्षांवरील माणसाला दहा टक्के सवलत, सत्तावीसपर्यंतच्या तरुणांना पाव सवलत. चार ते अकरा वर्षांच्या मुलाचा पास मोठ्या माणसासोबत फुकट, एका मोठ्यामागे दोन मुले.

जर्मनी, ऑस्ट्रिया, स्वित्झर्लंड, हॉलंड या देशांत बहुतेक गाड्यांत पास दाखवून थेट बसता येते. जागा रिकामी असेल तर बसा, नाहीतर उभे राहा. पण फ्रान्सची टीजीव्ही, इटलीची फ्रेच्चारोसा, स्पेनची आव्हे आणि लंडनची युरोस्टार या वेगवान गाड्यांत आरक्षण सक्तीचे आहे, आणि त्याचे पैसे पासाच्या वर. फ्रान्समधल्या टीजीव्हीला साधारण १० ते २० युरो, फ्रेच्चारोसाला १३ च्या आसपास, युरोस्टारला ३० च्या वर. दर बदलत असतात, निघण्यापूर्वी स्वतः पाहून घ्या. हिशेबाला सोपा म्हणून एक युरो शंभर रुपये धरा, आणि ही रक्कम दर माणसी, दर गाडीमागे आहे हे विसरू नका. चार माणसे आणि चार गाड्या म्हणजे सोळा वेळा पैसे.

आणि इथे एक गोम आहे. टीजीव्ही आणि युरोस्टार यांसारख्या गाड्यांत पासधारकांसाठी ठराविकच जागा ठेवतात. त्या संपल्या की गाडीत शंभर जागा मोकळ्या असल्या तरी पासवाल्याला मिळत नाहीत. तिकीट घेणाऱ्याला मिळतात. तुम्ही पूर्ण भाडे भरा आणि बसा.

असे का?

हे ऐकून राग येतो. मलाही आला होता. पण रेल्वेचा माणूस म्हणून विचार केला तेव्हा कारण समजले, आणि ते समजायला युरोपपर्यंत जायची गरज नव्हती. आपल्याच भागाचा इतिहास पुरेसा आहे.

नागपट्टिणमहून तंजावरपर्यंत रेल्वे आली १८६१ साली. ती एका खाजगी कंपनीची होती. पुढे साऊथ इंडियन रेल्वे ही वेगळी कंपनी झाली. मिरजेकडून दक्षिणेत येणारी लाईन होती मद्रास अँड सदर्न मराठा रेल्वेची. म्हणजे १९४० साली विट्याचा माणूस तंजावरला यायचा, तो निदान दोन कंपन्यांच्या रुळांवरून यायचा. त्यातच आपल्या जिल्ह्याची गंमत अशी की तंजावरच्या जिल्हा बोर्डाने लोकांवर रेल्वेची पट्टी बसवून स्वतःची लाईन बांधली. मायावरम, म्हणजे आजचे मयिलाडुदुरै, ते मुत्तुपेट्टै. १८९४ साली ती सुरू झाली. रूळ बोर्डाचे, गाडी साऊथ इंडियन रेल्वेची, आणि मिळकतीचा हिशेब दोघांत. १४ एप्रिल १९५१ ला या सगळ्या कंपन्या एकत्र होऊन दक्षिण रेल्वे झाली, म्हणून आज आपल्याला एकच तिकीट, एकच नियम वाटतात.

युरोपात हे एकत्रीकरण झालेलेच नाही. प्रत्येक देशाची रेल्वे वेगळी, काही देशांत एकाच रुळावर दोन-तीन कंपन्यांच्या गाड्या. पास विकणारी संस्था वेगळी. पासाचे पैसे गोळा होतात आणि मग कंपन्यांमध्ये वाटले जातात. आता ज्या कंपनीची वेगवान गाडी तशीही भरून जाते, तिने पासवाल्याला जागा दिली की तिच्या वाट्याला तिकिटापेक्षा कमी पैसे येतात. मग ती जागा मोजून देते आणि वर आरक्षणाचे पैसे घेते. इटलीत इटालो नावाची खाजगी वेगवान गाडी आहे. ती या पासात सामीलच नाही. स्टेशन तेच, रूळ तेच, गाडी लाल चकचकीत, पण पास तिथे चालत नाही.

यात लबाडी नाही, हिशेब आहे. फक्त तो हिशेब आपण निघण्याआधी करायचा असतो. मी तो केला नव्हता.

आमची गोष्ट

माझा धाकटा भाऊ म्युनिकला नोकरीला आहे. त्याने चौघांना बोलावले. मी, सौ., आमचे चिरंजीव, तेव्हा अकरा वर्षांचे, आणि आई. माझे वडील विट्याहून तंजावरला गलाईच्या कामाला आले आणि इथेच राहिले. आमच्या लहानपणी दुकानामागच्या स्वयंपाकघरात एक कॅलेंडर होते. वर्ष संपले तरी आईने ते काढले नाही. त्यावर बर्फाचा डोंगर होता आणि डोंगराच्या कडेने चाललेली छोटी लाल गाडी. भाकरी थापताना ती माझ्या वडिलांना विचारायची, “ही गाडी वर कुठं जाती हो?” वडील म्हणायचे, “तुझं पोरगं रेल्वेत लागलं की त्याला विचार.”

पुढे मी रेल्वेत लागलो आणि गाडी कुठे जाते हेही कळले. ती स्वित्झर्लंडमधली युंगफ्राउची गाडी. मेट्टुपाळयमहून उटीला जाणाऱ्या आपल्या गाडीला जशी मध्ये दातेरी पट्टी आहे, तशीच तिलाही आहे. आपल्या निलगिरीचा चढ बाराला एक, तिचा चारला एक. १९१२ साली शेवटपर्यंत सुरू झाली. डोंगराच्या पोटातून सात किलोमीटरहून लांब बोगदा, आणि शेवटचे स्टेशन ३४५४ मीटर उंचीवर. माझ्यासारख्या रुळांच्या माणसाला तर ते तीर्थक्षेत्रच. आईला ती गाडी दाखवायची, हाच या प्रवासाचा मुख्य हेतू होता.

पीएफमधून पैसे काढले. एका महिन्यात सात दिवसांचा, दुसऱ्या वर्गाचा पास घेतला. मोठ्या माणसाला साडेतीनशे युरोच्या आत-बाहेर, आईला सवलत, मुलाचा फुकट. सगळे मिळून हजार युरोच्या आसपास. त्या वर्षी युरो नव्वद रुपयांच्या जवळ होता. मी डायरीत लिहिले, “रेल्वे खर्च: नव्वद हजार. संपला विषय.” विषय तिथून सुरू झाला.

पहिली चूक म्युनिकलाच केली. साल्झबुर्ग पाहायला जायचे होते, दोन तासांचाही रस्ता नाही. मी ऐटीत पासाचा एक दिवस टाकला. संध्याकाळी भाऊ म्हणाला, “दादा, अरे बायर्न तिकीट घ्यायचंस ना!” त्या राज्याचे एक दिवसाचे तिकीट असते, साध्या गाड्यांत दिवसभर चालते, साल्झबुर्गपर्यंतही चालते. तेव्हा ते पहिल्या माणसाला तीसेक युरोच्या आत होते आणि पुढच्या प्रत्येकाला थोडेच जास्त. कामाच्या दिवशी सकाळी नऊनंतर निघायचे, एवढीच अट. माझ्या पासाच्या एका दिवसाची किंमत माणसी पन्नास युरोच्या जवळ पडत होती. तीन मोठ्या माणसांचे दीडशे युरो मी दोन तासांच्या रस्त्यावर घालवले.

मग इटलीत उतरलो. व्हेनिस पाहिले. तिथून मिलानला साध्या गाडीने गेलो. तासाभराचा उशीर, पण वरचा पैसा नाही. चिरंजीव पूल मोजत होते, मी रूळ बघत होतो. मला वाटले, पास वसूल होतोय.

दुसऱ्या दिवशी पुढच्या देशात जाणारी वेगवान गाडी पकडायची होती. आदल्या संध्याकाळी खिडकीवर गेलो, पास पुढे केला. खिडकीवरच्या बाईंनी शांतपणे सांगितले की पासधारकांच्या जागा संपल्या. उद्याच्याही आणि परवाच्याही. मी विचारले, गाडीत जागा आहे का? म्हणाल्या, आहे की, तिकिटाने. शेवटच्या दिवसाचा दर होता. चौघांचे मिळून पाचशे युरोच्या वर. पुढच्या शहरातल्या हॉटेलचे पैसे भरून झाले होते, ते परत मिळणार नव्हते. मी देश आणि कंपनी यांची नावे मुद्दाम घेत नाही, कारण चूक त्यांची नव्हती. नियम त्यांच्या पाटीवर लिहिलेला होता. महिनाभर आधी आरक्षण केले असते तर काम भागले असते.

पैसे भरले. खिशात पास होता, आणि आम्ही तिकिटाने बसलो. गाडीत कुणी फारसे बोलले नाही.

फ्रान्समधून स्वित्झर्लंडला येताना जागा मिळाली, पण पुन्हा चौघांचे आरक्षणाचे पैसे. मुलाचा पास फुकट होता, त्याच्या आरक्षणाचे मात्र पैसे पडले. हेही मला तेव्हाच कळले.

आणि मग इंटरलाकेन. तिथपर्यंत पास चालतो. त्यापुढे डोंगरावर जाणाऱ्या लाईन वेगळ्या कंपन्यांच्या. युंगफ्राउचे जाण्यायेण्याचे पूर्ण तिकीट दोनशे स्विस फ्रँकच्या वर, आणि पासावर फक्त पाव सवलत. चौघांचा हिशेब केला. जेवढे पैसे त्या वेगवान गाडीला गेले होते, जवळजवळ तेवढेच हवे होते. ते उरले नव्हते. भावाकडे मागता आले असते, पण चौघांचे येण्याचे विमान त्यानेच केले होते, आणखी तोंड उघडवेना.

मी म्हटले, आई, तू आणि नातू जा, आम्ही दोघे खाली थांबतो. आई नाही म्हणाली. परक्या मुलखात पोराला एकटीने सांभाळायची तिला भीती वाटली. मी म्हटले, मग तू आणि मी जाऊ. ती म्हणाली, “आनि सुनंला खाली बसवू व्हय?” इंटरलाकेनच्या मोठ्या मैदानावर एका बाकावर ती बसली. आकाश स्वच्छ होते, समोर युंगफ्राउ दिसत होता. म्हणाली, “मला हितनं बी दिसतोय की डोंगर. बर्फ काय, लांबनं बी पांढराच असतो.”

तिथून आम्ही म्युनिकला परत आलो. डायरीत दुसरा रकाना आखला. पासाच्या वर आमचे सातशे युरोहून जास्त गेले होते. आणि सात दिवसांतला एक दिवस वापरलाच गेला नाही.

मग पास घ्यायचाच नाही का?

असे मी म्हणत नाही. पास वाईट नाही. पास कुणासाठी आहे, हे बघून घ्यायचा. ज्याला आज सकाळी ठरवून आजच निघायचे आहे, ज्याला जर्मनी, ऑस्ट्रिया, स्वित्झर्लंड अशा देशांत रोज लांब पल्ला तोडायचा आहे, त्याला पास चांगला. दिवसात कितीही गाड्या बदला, कुठेही उतरा, पुन्हा चढा. पण ज्याचे दिवस, हॉटेल आणि शहरे आधीच ठरलेली आहेत, आणि आपल्यासारख्या सहकुटुंब माणसाचे ती ठरलेलीच असतात, त्याने आधी सुटी तिकिटे किती पडतात ते पाहावे. जर्मनीसारख्या देशात दोन-तीन महिने आधी तिकीट काढले तर लांबच्या प्रवासालाही वीस-तीस युरोत मिळून जाते.

म्हणून घरी बसून एक कागद घ्या आणि प्रत्येक प्रवासापुढे या गोष्टी लिहा.

पहिली, ही गाडी पासात आहे का? रेल्वे आहे म्हणजे पासात आहे असे नाही. मेट्रो, ट्राम, शहरातली बस आणि डोंगरावरच्या लाईन बहुधा नाहीत.

दुसरी, आरक्षण सक्तीचे आहे का, आणि त्याचे किती? ते मुलासकट सगळ्या डोक्यांनी गुणा. आरक्षणाचे पैसे बहुतेक वेळा परत मिळत नाहीत, हेही बाजूला लिहा.

तिसरी, पासवाल्यांच्या जागा मर्यादित आहेत का? असतील तर आधी ती जागा पक्की करा, मग हॉटेल. मी उलटे केले.

चौथी, हा प्रवास पासाच्या एका दिवसाच्या किमतीइतका मोठा आहे का? नसेल तर साधे तिकीट किंवा त्या भागाचे दिवसाचे तिकीट घ्या आणि पासाचा दिवस राखून ठेवा.

पाचवी, रात्रीची गाडी. संध्याकाळी बसून सकाळी उतरणाऱ्या थेट गाडीला निघण्याचा एकच दिवस मोजतात, हा फायदा. पण उतरल्यावर त्याच दिवशी दुसरी गाडी पकडली की दुसरा दिवस लागला. आणि झोपायच्या बर्थचे पैसे पासात नसतात. बसायच्या जागेला जे पडते त्याच्या कितीतरी पट बर्थला पडतात.

सहावी, पास आता मोबाईलमध्ये असतो. गाडीत चढण्यापूर्वी त्यात तो दिवस आणि तो प्रवास नोंदवावा लागतो. न नोंदवता बसलात तर पैसे भरलेले असूनही तुम्ही विनातिकीट. आपल्या वडीलधाऱ्यांनी मुलाला समोर बसवून हे एकदा शिकून घ्यावे.

शेवटी सगळ्याची बेरीज करा. पासाची किंमत, अधिक वरचे सगळे. आणि शेजारी सुट्या तिकिटांची बेरीज. जी कमी ती घ्या. एवढे साधे गणित आहे. वीस वर्षे मी रुळांच्या दुरुस्तीचे अंदाजपत्रक करतो आहे. खडी किती, मजूर किती, गाडी किती वेळ थांबवायची, सगळे लिहून वरिष्ठांकडे पाठवतो. माझ्याच घरच्या प्रवासाचे अंदाजपत्रक मात्र एका ओळीत संपवले.

आणि त्या यादीत सर्वांत वर एक ओळ मोकळी ठेवा. आपण कशासाठी चाललो आहोत, ते तिथे लिहा. त्याचे पैसे पहिल्यांदा बाजूला काढा. बाकीची शहरे पैसे उरले तर बघा. आमच्या यादीत ती ओळ होती लाल गाडी. मी व्हेनिस पाहिले, मिलान पाहिले, आणि जिच्यासाठी गेलो ती खालून बघून आलो. आईचे गुडघे आता तसा प्रवास सोसत नाहीत. पुन्हा जाणे होईल असे डॉक्टर म्हणत नाहीत.

यंदा पोंगलच्या सुट्टीत मी आईला उटीच्या गाडीत बसवले. मेट्टुपाळयमहून. तिचे रिझर्व्हेशन मी वेळेवर केले होते, हे सांगायला नको. गाडी चढायला लागली, दातेरी पट्टीचा खडखडाट सुरू झाला. आईने खिडकीतून खाली वाकून बघितले आणि विचारले, “त्या कॅलिंडरातली अशीच वर जाती का?” मी म्हटले, “अशीच. जरा जास्त चढ.” ती म्हणाली, “मग बरं.”

आपल्यापैकी जी मंडळी पुढच्या उन्हाळ्यात निघणार आहेत, त्यांनी आरतीनंतर माझ्याकडे कागद घेऊन यावे. आपण बसून बेरीज करू. पास घ्या किंवा घेऊ नका, पण घरच्या म्हाताऱ्या माणसाला बाकावर बसवून परत आणू नका, एवढीच विनंती.

बोलण्यात काही कमी-जास्त झाले असेल तर क्षमा असावी. आईची तर मी घरी गेल्यावर मागतोच.

गणपती बाप्पा मोरया! पुढच्या वर्षी लवकर या!